मंजरी नांवाचे ग्रंथ
(धर्मग्रामाच्या ज्युबिलीनिमित्त मांजरी येथें झालेलें व्याख्यान)



ज्युबिलीच्या या मंगल प्रसंगीं चार शब्द बोलावे अशी आज्ञा आम्हांस झाली, तेव्हां विषय कोणता घ्यावा याचा आम्हांस मोठा पेंच पडला. देवळाचा इतिहास सांगावा, तर तो डोळ्यांनीं पाहिलेली वडील मंडळी समोर बसली आहेत. धर्मोपदेश करावा, तर तो अधिकार आमचा नव्हे. जुन्या ग्रंथांची थोडीशी आवड, एवढेंच काय तें आमचें भांडवल. याच विवंचनेंत आगगाडींतून येत असतां मांजरीचें स्टेशन आलें, पाटीवरील नांवावर दृष्टि पडली, आणि विषय आपोआप सांपडला. ज्यांच्या नांवांत 'मंजरी' हा शब्द आहे अशा ग्रंथांची एक लांबच लांब ओळ आमच्या डोळ्यांपुढें उभी राहिली. त्यांतील कांहींची आपणांस ओळख करून द्यावी असें आम्हीं ठरविलें.

आरंभींच एक खुलासा केला पाहिजे. या गांवाचें नांव संस्कृत 'मंजरी' शब्दावरून पडलें असें सांगण्याचें धाडस आम्ही करीत नाहीं. गांवांच्या नांवांची व्युत्पत्ति हा मोठा निसरडा मार्ग आहे. कोणी उठून म्हणेल कीं मांजरी म्हणजे घरोघरीं दूध शोधीत फिरणारी ती मांजरी. त्याला उत्तर देण्याइतका पुरावा आमच्यापाशीं नाहीं. मुळामुठेच्या दोहों तीरांवर बुद्रुक आणि खुर्द अशीं हीं दोन गांवें कैक पिढ्या नांदत आलीं, एवढें खरें. नांवांतील साम्य हें आम्हांस निमित्तापुरतें पुरेसें आहे.

मंजरी म्हणजे काय, हें शेतकऱ्याला सांगावें लागत नाहीं. पुष्कळशीं बारीक फुलें एका देठावर दाटीनें लागतात, ती मंजरी. आंब्याचा मोहोर ही मंजरी. तुळशीच्या शेंड्यावर येते तिला तर आपल्या बायका मंजिरीच म्हणतात. द्राक्षाच्या वेलीवर घडाच्या आधीं जो हिरवा, नाजूक फुलोरा दिसतो, तोही मंजरीच होय. मंजरी दिसावयास लहान असते आणि तिचें एकेक फूल तर डोळ्यांत भरतही नाहीं. परंतु पुढें येणाऱ्या फळाचा सारा भरंवसा तिच्यांत असतो.

आतां ग्रंथकारांच्या चालीकडे पाहा. आपल्या देशांत ग्रंथाला नांव देतांना कोणी 'सागर' म्हणतो, कोणी 'दर्पण', कोणी 'दीपिका', कोणी 'माला', कोणी 'चंद्रिका'. सागर म्हणणारा आपल्या ग्रंथाचा विस्तार सांगतो. दीपिका म्हणणारा अंधार घालविण्याचें वचन देतो. मंजरी म्हणणारा मात्र विनयानें बोलतो. माझें पुस्तक म्हणजे एक तुरा आहे, वृक्ष दुसराच आहे, असें तो जणूं सांगतो. त्याच विनयांत थोडा अभिमानही दडलेला असतो; कारण तुरा झाला तरी तो वृक्षाच्या शेंड्यावर असतो.

हा भेद एकाच उदाहरणांत स्वच्छ दिसतो. आपल्या पैठणच्या सातवाहन राजाशीं ज्याचा संबंध परंपरेनें जोडला आहे, त्या गुणाढ्यानें पैशाची भाषेंत 'बृहत्कथा' नांवाचा प्रचंड कथाग्रंथ रचिला. राजानें त्या भाषेचा व ग्रंथाचा अव्हेर केला, तेव्हां कवीनें रानांत बसून पशुपक्ष्यांना एकेक पान वाचून दाखवावें व तें अग्नींत टाकावें असें चालविलें. राजा पश्चात्ताप पावून धांवत आला, तोंवर सात भागांपैकीं एकच भाग शिल्लक राहिला होता, अशी कथा सांगतात. तो मूळ ग्रंथ आज उपलब्ध नाहीं. परंतु अकराव्या शतकांत काश्मीर देशांत दोन कवींनीं ती कथा संस्कृतांत आणिली. सोमदेवानें आपल्या ग्रंथास 'कथासरित्सागर' म्हटलें. क्षेमेंद्रानें आपल्या ग्रंथास 'बृहत्कथामंजरी' म्हटलें. देश एक, शतक एक, कथा एक. पण एकाचा झाला सागर व दुसऱ्याची मंजरी. आणि नांवाप्रमाणेंच गुण! सोमदेव रमतगमत कथा सांगतो. क्षेमेंद्र तीच कथा त्याच्या निम्म्याहूनही कमी श्लोकांत आटोपतो.

याच क्षेमेंद्रानें रामायणाची 'रामायणमंजरी' केली व महाभारताची 'भारतमंजरी' केली. एवढाले ग्रंथ वाचण्यास ज्यांस सवड नाहीं व विकत लिहवून घेण्यास ज्यांच्याजवळ द्रव्य नाहीं, त्यांच्या हातीं सार द्यावें, हाच अशा खटाटोपाचा उपयोग. टीकाकार त्याला दोषही देतात. कथा फार आंवळली म्हणजे तिचा रस जातो, आणि कोठें कोठें तर सोमदेव शेजारीं ठेवल्याखेरीज क्षेमेंद्राचा अर्थ उलगडत नाहीं. हा दोष खरा आहे, तो झांकण्याचें कारण नाहीं. परंतु अधिक लोकांपर्यंत पोंचावें म्हणून ज्यानें आपली लेखणी आंवरली, त्याचा हेतु आम्हांस थोर वाटतो. मुलांना देवाची गोष्ट सांगणाऱ्या प्रत्येक आईला हेंच करावें लागतें.

दुसरा ग्रंथ 'कर्पूरमंजरी'. हा आपणां महाराष्ट्रीयांच्या विशेष जिव्हाळ्याचा. याचा कर्ता राजशेखर इ. स. ९०० च्या सुमारास कनोजच्या महेंद्रपाल राजाचा गुरु होता. परंतु त्याचें घराणें इकडचें असावें, कारण आपला पणजा अकालजलद यास तो महाराष्ट्राचा चूडामणि म्हणून गौरवितो. राजशेखर संस्कृताचा मोठा पंडित. तरीही हें नाटक त्यानें सबंध प्राकृतांत लिहिलें, आणि त्यांतील पद्यांची भाषा मुख्यतः माहाराष्ट्री प्राकृत आहे. नायिका कर्पूरमंजरी ही कुंतल देशची राजकन्या. म्हणजे तीही आपल्या शेजारचीच. नाटकाच्या प्रस्तावनेंतच प्रश्न निघतो कीं कवीनें संस्कृत कां सोडलें? त्यावर उत्तर असें कीं, अर्थ तोच असतो, शब्दही थोड्या फरकानें तेच असतात. काव्य हें उक्तीच्या खुबीवर अवलंबून आहे, भाषा मग कोणतीही असो. संस्कृत रचना कठोर, प्राकृत रचना कोमल, असेंही तो सांगतो. हें नाटक रंगभूमीवर आलें तें त्याची पत्नी अवंतिसुंदरी हिच्या इच्छेवरून, हेंही त्यानें कृतज्ञतेनें नमूद केलें आहे. लोकभाषेच्या पाठीशीं घरांतील स्त्री उभी असते, ही गोष्ट तेव्हांपासूनची आहे!

राजशेखराचें नांव घेतलें म्हणजे ख्रिस्ती मनुष्याला फादर थॉमस स्टीफन्स आठवल्यावांचून राहत नाहींत. इंग्लंडांत इ. स. १५४९ त जन्मलेला हा जेजुइट धर्मगुरु १५७९ त गोव्यास उतरला, आणि लॅटिन व पोर्तुगीज या भाषा हाताशीं असतां, ज्या लोकांत राहिला त्यांच्याच मराठींत त्यानें सुमारें अकरा हजार ओंव्यांचें ख्रिस्तपुराण रचिलें. तें १६१६ त राशोल येथें छापलें गेलें. मराठीची थोरवी सांगतांना त्यालाही फुलांचीच उपमा सुचली. आपला ग्रंथ 'मंजरी' न म्हणतां त्यानें 'पुराण' म्हटला. कारण श्रोत्यांच्या कानांस तोच शब्द ओळखीचा होता. एक पंडित कनोजच्या दरबारांत, एक गोव्याच्या किनाऱ्यावर; दोघांमध्यें सात शतकांचें अंतर. पण ऐकणाऱ्याच्या जिभेवर जी भाषा आहे तींत बोलल्यानें विद्येला कमीपणा येत नाहीं, हें दोघांनींही आपल्या कृतीनें दाखवून दिलें.

तिसरा ग्रंथ 'न्यायमंजरी'. नांव फुलाचें, पण आंत तर्कशास्त्राचे कांटे! याचा कर्ता जयंतभट्ट हाही काश्मीरचा, नवव्या शतकांतला. हा ग्रंथ न्यायशास्त्राच्या अभ्यासकांत फार मानला जातो. परंतु आम्हांस त्यांतील एका लहानशा कबुलीनें वेधून टाकिलें. ग्रंथकार सांगतो कीं, राजानें आपणांस एका निःशब्द, निर्जन गुहेसारख्या ठिकाणीं बंदींत ठेविलें होतें, आणि ग्रंथ रचण्याच्या विरंगुळ्यानें तेथले दिवस आपण घालविले. बंदिवासाचें कारण तो सांगत नाहीं, रडगाणें गात नाहीं, राजाला शिव्याशापही देत नाहीं. बाहेरचा आवाज बंद झाला, तेव्हां त्यानें मनांतले वादी व प्रतिवादी बोलके केले. संत पौलानें बेड्या असतांना मंडळ्यांना पत्रें लिहिलीं, तीं आपण मिस्सेच्या वेळीं ऐकतों. दोघांचा धर्म निराळा, विषय निराळा. परंतु देह कोंडला तरी शब्द कोंडतां येत नाहीं, याची साक्ष दोघेही देतात. आपल्यांत कोणी आजारानें अंथरुणास खिळलेले असतील, कोणी म्हातारपणानें घराबाहेर पडत नसतील. त्यांनीं जयंतभट्टाची ही मंजरी ध्यानांत ठेवावी.

आतां ज्या दोन ग्रंथांसाठीं आम्हीं हा विषय खरोखर निवडिला, त्यांकडे येतों. दोन्ही धारानगरीचे आहेत. जी पुढें पवारांच्या मराठी संस्थानाची राजधानी झाली, तीच ही धार.

पहिला ग्रंथ 'तिलकमंजरी'. अकराव्या शतकांत भोजराजाच्या दरबारीं धनपाल नांवाचा जैन कवि होता. त्यानें ही गद्य कथा लिहिली. तिच्याविषयीं मेरुतुंगानें 'प्रबंधचिंतामणि' या चौदाव्या शतकाच्या आरंभींच्या ग्रंथांत एक आख्यायिका दिली आहे. भोजराजास कथा अतिशय आवडली. तो म्हणाला, कथेंतील राजाच्या जागीं माझें नांव घाल, म्हणजे मागशील तें देईन. कवीनें साफ नकार दिला. राजानें क्रोधाच्या भरांत पुस्तक शेगडींत टाकिलें व त्याची राख झाली. धनपाल घरीं येऊन खिन्न होऊन पडला. त्याच्या लहान मुलीनें कारण विचारिलें व तें कळतांच ती म्हणाली, बाबा, तुम्ही लिहीत होतां तें मी वाचीत होतें, मला आठवतें. तिनें म्हणावें व बापानें लिहावें, असा अर्धा ग्रंथ परत आला. उरलेला अर्धा कवीनें नव्यानें रचिला, आणि त्या मुलीचें जें नांव होतें तेंच ग्रंथाला दिलें, असेंही सांगतात. ही आख्यायिका आहे, इतिहास नव्हे, हें आम्ही जाणतों. परंतु राजाच्या हातीं अग्नि होता व मुलीच्या ठायीं स्मरण होतें, आणि लोकांनीं गोष्ट सांगतांना जय कोणाला दिला, हें पाहण्यासारखें आहे.

दुसरा ग्रंथ 'पारिजातमंजरी'. तेराव्या शतकांत धारेस अर्जुनवर्मा राजा असतां त्याचा गुरु मदन यानें हें चार अंकी नाटक रचिलें. राजाच्या वक्षःस्थळावर स्वर्गांतून पारिजाताचा तुरा पडतो व त्याची एक कन्या होते, अशी त्याची सुरुवात आहे. हें नाटक कागदावर किंवा ताडपत्रावर ठेवून कवि व राजा यांचें समाधान झालें नाहीं. वाळवी लागूं नये, अग्नीनें जळूं नये, म्हणून तें दगडावर कोरविलें. इ. स. १९०३ मध्यें धारेस एक काळी शिळा उजेडांत आली, तिच्यावर या नाटकाचे पहिले दोन अंक निघाले. हुल्ट्झ या जर्मन पंडितानें ते प्रसिद्ध केले. राहिलेले दोन अंक ज्या दुसऱ्या शिळेवर असावे, ती शिळा मात्र सांपडलेली नाहीं. त्या कन्येचें पुढें काय झालें, हें आज कोणासही सांगतां येत नाहीं.

बंधुभगिनींनो, हे दोन ग्रंथ एकमेकांशेजारीं ठेवून पाहा. एक अग्नींत गेला व मुलीच्या मुखांतून अर्धा परत आला. दुसरा पाषाणावर कोरला व अर्धा नाहींसा झाला. मग टिकाऊ काय? पाषाण कीं स्मरण? आम्हांस वाटतें, दोन्ही एकटेंएकटें अपुरें आहे. मुलीनें आठवलें, पण बापानें लगेच लिहून घेतलें म्हणून तें राहिलें. शिळेवर कोरलें, पण कोणी पाठ केलें नाहीं म्हणून एका शिळेबरोबर अर्धें नाटक गेलें. जें मुखांत आहे तें कागदावर यावें आणि जें कागदावर आहे तें मुखांत राहावें, तरच शब्द पिढी ओलांडतो.

हें काम मनावर घेणारे लोक आपल्याच प्रांतांत झाले. जावजी दादाजी यांनीं मुंबईस निर्णयसागर छापखाना काढिला. त्याच्या 'काव्यमाला' या मालेंत क्षेमेंद्राच्या तिन्ही मंजऱ्या व धनपालाची 'तिलकमंजरी' १८९८ ते १९०३ या अवघ्या पांचसहा वर्षांत छापून निघाल्या. पोथ्यांच्या गठ्ठ्यांत पडलेलें धन त्यामुळें विद्यार्थ्यांच्या हातीं आलें. तसेंच मुंबईचे पंडित विष्णु नारायण भातखंडे. हे वकील, पण गवयांच्या घराण्याघराण्यांतून फिरून, ज्या चिजा केवळ कंठांत होत्या त्या त्यांनीं लिहून घेतल्या व 'क्रमिक पुस्तकमालिके'च्या सहा भागांत प्रसिद्ध केल्या. सोळाव्या शतकांत पुंडरीक विठ्ठलानें 'रागमंजरी' नांवाचा ग्रंथ केला होता. भातखंड्यांनीं आपल्या एका संस्कृत ग्रंथास 'अभिनवरागमंजरी' हें नांव देऊन जुन्या मंजरीशीं नातें राखिलें.

ख्रिस्तपुराणाची कथाही याहून निराळी नाहीं. १६१६, १६४९ व १६५४ अशा तीन वेळां तें छापलें गेलें. पुढें १६८४ त गोव्याच्या पोर्तुगीज सरकारानें लोकभाषेवर बंदी घालणारा हुकूम काढिला. त्या तिन्ही आवृत्त्यांपैकीं एकही छापील प्रत आज पाहावयास मिळत नाहीं. तरी ग्रंथ मेला नाहीं. कारण भाविकांनीं त्याच्या प्रती हातांनीं उतरविल्या व उपवासकाळांत त्याच्या ओंव्या गात राहिले. त्याच हस्तलिखितांवरून जोसेफ साल्ढाणा यांनीं १९०७ त मंगळूर येथें तो पुन्हा छापिला. छापखान्यानें जें गमाविलें तें गाणाऱ्यांनीं राखिलें, आणि गाणाऱ्यांनीं राखिलेलें पुन्हा छापखान्यानें घेतलें.

आतां एक कबुली देतों. आमच्या घरीं आजीच्या हातची एक वही होती. तिला लिहितांवाचतां येऊं लागलें तें उतारवयांत. मोठमोठ्या वेड्यावांकड्या अक्षरांत तिनें त्या वहींत मराठी गीतें लिहून ठेविलीं होतीं. नाताळची गीतें, मारियामातेचीं गीतें, लग्नांत हळदीच्या वेळीं म्हणावयाचीं, आणि कोणी वारलें म्हणजे रात्र जागवितांना म्हणावयाचीं. त्यांतलीं कित्येक कोणत्याही छापील गीतपुस्तकांत आम्हांस पुढें आढळलीं नाहींत. आजी गेल्यावर ती वही आम्हीं माळ्यावरच्या ट्रंकेंत ठेविली; जपून ठेविली असें आम्हांस वाटलें. आठ वर्षांनीं ट्रंक उघडली, तों वाळवीनें वहीचा भुगा केलेला. दोष वाळवीचा नव्हे, आमचा. ग्रंथांविषयीं लोकांपुढें बोलणारे आम्ही. पण घरच्या एका वहीची प्रत करून ठेवण्याचें आम्हांस सुचलें नाहीं. आज त्यांतलीं दोन गीतें आमच्या धाकट्या बहिणीस येतात, तीही अर्धवट. आमच्या घरची तिलकमंजरी तीच, आणि आम्हीं तिच्यापुढें कागद घेऊन बसण्यास फार उशीर केला.

म्हणून आपणांपाशीं मागणें एवढेंच. या धर्मग्रामांत निरनिराळ्या गांवांहून, निरनिराळ्या जिल्ह्यांतून कुटुंबें आलीं आहेत. प्रत्येक घरीं कोणी आजी, कोणी मावशी, कोणी म्हातारे बाबा असे आहेत कीं ज्यांना दुसऱ्या कोणास न येणारें गीत येतें, दुसऱ्या कोणास ठाऊक नसलेली हकीगत ठाऊक आहे. २०२१ त हें गांव पुणें महानगरपालिकेंत गेलें. पाहतां पाहतां शेतांच्या जागीं इमारती उभ्या राहत आहेत, आणि जुनें काय होतें हें विचारावयास कोणी उरणार नाहीं असा काळ दूर नाहीं. तरुणांनीं एक वही घ्यावी, म्हाताऱ्यांच्या पायांशीं बसावें, त्यांनीं म्हणावें व यांनीं लिहावें. आतां तर आवाजही धरून ठेवतां येतो. परंतु धरून ठेविलेला आवाज पेटींतच पडूं देऊं नये. तें गीत स्वतः शिकावें व देवळांत म्हणावें. नाहीं तर पेटी निराळी, वाळवी तीच.

शेवटीं पुन्हा गांवाच्या नांवाकडे येतों. याच मांजरींत १९९७ त द्राक्षांचें राष्ट्रीय संशोधन केंद्र स्थापन झालें. तेथें निवडलेल्या व तयार केलेल्या द्राक्षांना 'मांजरी नवीन', 'मांजरी मेडिका', 'मांजरी श्यामा' अशीं नांवें आहेत. ग्रंथांच्या नांवांत शोभणारा शब्द असा आपल्या गांवाच्या वाटेनें वेलीवरही येऊन बसला म्हणावयास हरकत नाहीं! द्राक्षवाल्यांस हें ठाऊक आहे कीं फुलोऱ्यांतील प्रत्येक फुलाचा मणी होत नाहीं. पुष्कळशीं फुलें गळून जातात. गळणें हा निसर्गाचा नियम आहे. परंतु जीं धरलीं त्यांना पाणी देणें, सांवली करणें, घड हातांनीं विरळ करणें, हा माणसाचा धर्म आहे. प्रभूनें आपणांस द्राक्षवेल म्हटलें व आपल्याला फांद्या म्हटलें; फांदीनें फळ द्यावें अशीच त्याची अपेक्षा आहे.

ज्युबिलीचें हें पुस्तकही एक मंजरीच आहे. लहान, साधें, आणि दहा हातांनीं मिळून केलेलें. तें कपाटांत बंद न राहतां घरोघरीं मोठ्यानें वाचलें जावो, आणि पुढच्या ज्युबिलीस जे येथें उभे राहतील त्यांना आपल्या आजींचीं गीतें पाठ येत असोत, अशी देवापाशीं प्रार्थना करून आम्ही आपली रजा घेतों.